चौदा पावलं

खाण बंद झाली त्या वर्षी
ट्रक अंगणात येऊन उभा राहिला तो राहिलाच.
आधी टायर बसले, मग बाबा.
पाळीच्या रस्त्यावरचे फणस
मला पहिल्यांदाच हिरवे दिसले.
आई म्हणाली, बघ, धूळ बसली.
खूश होती की नव्हती, कळलं नाही.

भांडण असं झालंच नाही आमच्याकडे.
शेजारी फोंडूकाकांच्या घरात ताटं उडायची,
आमच्यात मी,
रांधपघरातून सोप्यावर, सोप्यावरून रांधपघरात.

बाबांना सांग, बँकेचा माणूस येऊन गेला.
आईला सांग, माहीत आहे.
सांग, पाटल्या आता उरल्या नाहीत.
सांग, मागितल्या कुणी?

चौदा पावलं. मोजलेली.
तेवढ्यात वाक्य किती निववता येतं
हे मला दहाव्या वर्षी येत होतं.
'मागितल्या कुणी'चं मी
'राहू देत म्हणतात' करायचे.
दाराशी जरा टेकायचे;
तिथं भिंतीवर माझ्या तेलकट डोक्याचा डाग आहे अजून.

अभ्यास ट्रकच्या केबिनमध्ये.
सीटखाली कोंबडी अंडी घालायची.
स्टीअरिंग धरलं की हात लाल व्हायचे.

एका बुधवारी, तेफळं घातलेलं बांगड्यांचं हुमण.
बाबा जेवले, उठले. निरोप कुणीच दिला नाही.
मीच केला:
"बाबा म्हणाले, हुमण अतिशय रुचकर झाले आहे."

आईचा डाव हवेत थांबला.
घरात आम्ही कोकणी बोलायचो.
'रुचकर' हा शब्द माझ्या मराठीच्या पुस्तकातून
कधी बाहेरच पडला नव्हता.
बाबा फार तर म्हणाले असते, "बरें जालां",
तेही कुणी विचारलं तर.

ती हसली नाही. ओरडलीही नाही.
पदराला हात पुसत म्हणाली,
"उरलां म्हण सांग. रातीं वाडटां."

तो निरोप मी निववला नाही.
पळत नेला, पावलं मोजायची राहिली.

शिमग्यानंतर हुबळीचा माणूस ट्रक ओढून घेऊन गेला.
खाली ऑइलचा चौकोनी नाही, गोलही नाही असा डाग,
आणि केबिनमधून काढलेली तीन अंडी.
ती शिजवायची की कोंबडीखाली ठेवायची
यावर दोघं थेट बोलली,
माझ्या डोक्यावरून, बराच वेळ,

आणि मी मध्ये उभी,
पायांचं आता काय करायचं ते न कळून.