मुंग्या

मंगळवार पेठेतला पहिला टीव्ही इंगवले वकिलांकडं आला,
लाकडी शटरचा, चार पायांचा.
माझं काम गच्चीवर. अँटेना फिरवायची.
खालून ओरडायचे, "मुंग्या! मुंग्या! जरा कात्यायनीकडं घे!"
घेतली की, "गेलं! परत जोतिबाकडं!"
असं डोंगर-डोंगर करत पेठेनं जग बघितलं.

म्हणून त्या रात्रीचा माणूस मी पाहिलाच नाही.
आई सांगते, म्हातारा होता, काळा, कोटातला,
खुर्चीत बसून गिटार वाजवत होता
आणि करंगळीत बाटलीचं तोंड अडकवलेलं.
"बाटलीचं?"
"होय रं. फुटक्या बाटलीचं."
निवेदिकेनं नाव सांगितलं, ते कुणाच्या ध्यानात राहिलं नाही.
कापूस वेचणाऱ्यांची गाणी, एवढं राहिलं.

मला जिन्यातून नुसता आवाज आला.
तार सुरापर्यंत जायची नि अलीकडंच घसरायची,
जसं कुणी उंबऱ्याशी येतं
आणि तिथूनच बोलतं.

वरून अंगण दिसत होतं.
खिडकीच्या गजांपाशी केरबा आवळे,
ज्याच्या हलगीशिवाय मैदानात पैलवानाचं अंग तापत नसे.
बाकी पेठ आत, सतरंजीवर.
केरबाला कुणी नको म्हटलं नव्हतं.
ये, असंही म्हटलं नव्हतं.
आणि तो बाटलीवाला, समुद्रापलीकडचा,
वकिलीणबाईंच्या क्रोशाच्या रुमालाखाली,
देव्हाऱ्याला लागून,
बुटांसकट आत बसला होता.

केरबाची बोटं खिडकीच्या फळीवर चालली होती.
आधी नुसती मोजत.
मग थाप, मग टिपरी नसताना टिपरीचा कडकडाट,
आणि सगळं गाण्याच्या अर्धं पाऊल मागं, मुद्दाम.
गाणंच त्याच्यासाठी थांबायला लागलं, असं मला वाटलं.
मला काय कळतंय, मी दहा वर्षांचा.

"कोण वाजवतंय रे बाहेर? ऐकू येईना!"
बोटं थांबली.

मी दांडा जरासा हलवला.
"मुंग्या! मुंग्या! अरे ए, झोपलास काय?"
हात भरून आला म्हणालो. खोटं.
चित्र गेलं, आवाज तेवढा खरखरत राहिला,
आणि त्या गलक्याच्या आडोशाला
पुन्हा, हळूच, फळी.

दुसऱ्या दिवशी वकील बार रूममध्ये सांगत होते म्हणे,
कार्यक्रम उत्तम होता,
पण शेवटी शेवटी हवा बिघडली.