इरम

आमच्याकडे रस्ता बर्फाचा, आणि बर्फ चालता.
संध्याकाळी रोवलेला खुंट
सकाळी भलत्याच गावच्या हद्दीत.
दोऱ्या, काठ्या, साखळ्या, पूर्वजांचं सगळं करून झालं.
शेवटी ठरलं ते असं:
मापकरणीने काळा गोटा मुठीत धरायचा, शंभर श्वास,
मग माझ्या हातावर ठेवायचा.
मी चालायचं.
गोटा गार पडला की थांबायचं.
तेवढं अंतर एक इरम.

तेवीस वर्षं मी ओर्शिलचा पावल्या.
जोडे सरकारी, गुडघे माझे.
थाल्मपासून मिठाची खाण नऊ इरम,
पूल औट,
आणि बाळंतघरापासून स्मशान, कुठल्याही गावात, पाऊण.
हे कुणी ठरवून केलेलं नाही.

परदेशी पाहुणे विचारतात, मूळ माप कुठं ठेवलंय?
त्यांना वाटतं कपाटात, मखमलीवर, कुलपात.
आमचं मूळ माप गल्लीच्या टोकाला राहायचं,
कालवणात मीठ जास्त टाकायचं,
पायऱ्या उतरताना कठडा धरायचं
आणि कुणी घाई केली की शिव्या द्यायचं.

एका हिवाळ्यात तिला ताप आला.
गोटा घेतला तर चटकाच.
चाललो, चाललो, पूल मागे पडला,
कुत्र्यांची भुंकण्याची बोली बदलली,
गोटा कोमटच.
नऊ इरमांची खाण त्या आठवड्यात चारांवर आली.
वहीत चढलं ते खरं, आणि भाडं इरमावर;
घसरगाडीवाले कुरकुरत निम्म्या पैशात नेऊ लागले.
खाणीत पोरं असलेल्या आया
वाळवलेला मासा फडक्यात बांधून निघाल्या.
व्यापारी बाल्ग तुरेमने अर्ज टाकला:
मापकरणीवर तातडीने उपचार व्हावेत.
आयांनी अर्ज केला नाही.
एक फक्त दारातून डोकावली,
'उद्याही राहील ना हो ताप?'

आठव्या दिवशी उतरला.
खाण पुन्हा नवावर गेली.
सात बायका तिकडेच अडकल्या.
'अडकलो', असं त्याच म्हणाल्या.

मग तिचं वय झालं.
गोटा आधी चौकात गार पडायचा,
पुढे विहिरीशी,
पुढे तिच्याच कुंपणाला.
देश वाढत गेला.
राजा खूश: तलवार न उपसता राज्य दुप्पट.
नकाशेवाल्यांना कागद पुरेना.
शेजारणीकडे विस्तव मागायला जायचं
तर अडीच इरम, आणि वर पथकर.

एका पहाटे तिची मूठ मी उघडली.
गोटा माझ्या तळहाताहून गार.
पाऊल उचलायच्या आत इरम संपला होता.
कारकुनाने सवयीने विचारलं,
'खाटेपासून दारापर्यंत किती लिहू?'
म्हटलं, आज नका लिहू.

आता भटारखान्यातला इक्तो बसतो तिच्या जागी.
चौदा वर्षांचा, हात नुसते निखारे.
खाण पाचांवर आली.
जमीनवाले रडतात, आमची हद्द आटली.
पोरगा चांगला आहे,
पण शंभर श्वासांत इतका बोलतो
की मोजणीच चुकते.

एक गोष्ट वहीत नाही.
शेवटची चार वर्षं
मी कोपऱ्यावर वळलो की गोटा काखेत घ्यायचो.
मोकळा रस्ता दिसला की धावायचो, या गुडघ्यांनी.
विहिरीशी संपलेला इरम
चौकापर्यंत ओढत न्यायचो.
तेव्हा राजाला सांगायचं तर
देश त्याला वाटला त्याहूनही मोठा होता.

तिला ठाऊक असावं.
एकदा मी परत केलेला गोटा नाकाशी नेऊन
ती बराच वेळ बसली.
म्हणाली, 'माझ्या हाताला
हल्ली तुझ्या सदऱ्याचा वास येतो रे.'
आणि पुढचे शंभर श्वास
मुद्दाम सावकाश घेतले.