साठ

पहाटे पावणेतीनला साठावी लेव्हल लागली.
पडद्यावर तुताऱ्या, सोनेरी भुगा,
आणि खालची ती निळी पट्टी,
सहा वर्षं जी थेंबाथेंबानं भरत होतो,
गायबच झाली.
रिकामी तरी राहायची.

चहा ठेवला. दूध नव्हतं.

सकाळी जिन्यात जैबुनचाची म्हणाल्या,
"डोळं का रं लाल, धैर्या?"
म्हटलं, चाची, साठला पोचलो.
हातातली बादली धाडकन खाली आली.
"साठ? बंधाऱ्यावर?"

जुलै महिना, सुतारमळ्यातलं घर.
इथं लेव्हल म्हणजे एकच :
एकोणचाळीसला रेशनकार्ड पिशवीत,
त्रेचाळीसला गादी माळ्यावर, शेळ्या शाळेत.
साठ कुणी ऐकलेलं नाही.
साठला सांगायला कोण उरेल?

नाही ओ चाची, खेळात.
"मेल्या," म्हणाल्या, आणि बादली उचलली.

आता काय करायचं, ते सगळे सांगतात.
दर बुधवारी ड्रॅगन परत जिवंत होतो.
आपण दहाजणांनी जाऊन त्याला परत मारायचं,
म्हणजे तीनशे बुधवारांनी एक शिरस्त्राण मिळतं,
आहे त्याहून चार गुणांनी बरं.
दहाजण आता नाहीत.
विश्वंभरला जुळ्या झाल्या.
इचलकरंजीचा सायझिंगवाला नुसताच हिरवा दिसतो,
बोलत नाही.
एकाचं खरं नाव मला कधीच कळलं नाही.
तो ढाल धरायचा.
तो येईनासा झाला तेव्हा विचारायचं कुणाला?

दिवसभर उद्यमनगरात लेथवर बुश काढतो.
कॅलिपर लावला की काटा थरथरतो आणि थांबतो.
तसं थांबणं वेगळं.

रात्री उडता पक्षी तबेल्यात ठेवला,
पायी निघालो, पहिल्या गावाकडं.
वाटेतले लांडगे अंगावर येत नाहीत.
जवळून गेलो तरी मान टाकून पडलेले,
घरच्या कुत्र्यासारखे.
याच वळणावर मी नऊदा मेलो होतो.
गिरणीवाली म्हातारी तिथंच.
"पाच उंदीर मारून दे, बाळा," म्हणाली.
माझ्या खांद्यावर ड्रॅगनचं कातडं.
पाच उंदीर मारून दिले.
तिनं मला एक पाव दिला.

मग नदीकाठी एकजण दिसला, लेव्हल तीन,
डोक्यावर नाव : मिसळ_जादाकट.
म्हणजे आपल्यातलाच, विचारायची गरज नाही.
रानडुकरानं त्याला माझ्यादेखत पाडलं.
परत उठला. परत पाडलं.
"भावा, पलीकडं कसं जायचं?"

मी शिट्टी मारली असती तर पक्षी आला असता,
चार सेकंदांचं काम.
म्हटलं, चल, उतार आहे. दगड धरून यायचं.
त्याचा वेग म्हणजे नुसता जीव जायचा.
मी दोन पावलं टाकून थांबायचो.
पाणी गुडघ्याला, मांडीला, कमरेला.
"बुडतंय का रं?"
नाही. एवढंच येतं. याच्यावर नाही.
मधोमध तो थांबला.
"जेवायला हाक मारायलेत. आलोच."
आणि तिथंच उभा राहिला, पुतळ्यासारखा,
पाणी त्याच्यातून वाहत गेलं.
मी पण उभा राहिलो.
प्रवाहात मासे असतात, चांदीचे, इवलेसे.
सहा वर्षांत खाली बघितलंच नव्हतं.

दारावर थाप.
"धैर्या, किती झालं?"
दुसऱ्या हातात मोबाईल, त्यावर आत्ताचा मेसेज.
सदतीस फूट आठ इंच, म्हटलं.
चाची दारातच थांबल्या.
"खेळातलं का नदीतलं?"

पडद्यावर तो अजून कमरेएवढ्या पाण्यात.
त्याला टाइप केलं : इथंच थांब, हलू नको.
आणि चाचींच्या शेळ्या सोडायला खाली गेलो.