ताटकळ

फणसे मास्तर विश्वामित्रीच्या काठी
अकरा दिवस एका मगरीसमोर बसले होते.
बाराव्या दिवशी उठले, धोतराची माती झटकली,
म्हणाले, "ती काही करत नाही असं वाटतं ने?
ती भरून ठेवते."

मग शुक्रवारीतून आणलेला
बँडवाल्यांचा चेपका कर्णा,
तांब्याच्या तारेचं अडीच शेराचं भेंडोळं,
लोणच्याची बरणी, नदीच्या पाण्याने गळ्यापर्यंत भरलेली,
आणि तळाशी मगरीचा एक दात.
तो तिने आपण होऊन दिला, असं मास्तर सांगायचे.
मी तेव्हा तेरा वर्षांचा. माझं काम तेल घालायचं
आणि प्रश्न न विचारायचं.

कोळसा नको, वाफ नको, मंत्र तर नकोच.
वाट बघणाऱ्याच्या अंगातून जे झिरपतं,
भिंतीला ओल धरावी तसं हळूहळू,
ते कर्ण्याने ओढायचं, बरणीत मुरवायचं,
तारेवरून खांबांवर चढवायचं.

शिर्क्यांच्या खांच्यात पहिला दिवा लागला
तेव्हा त्याचा रंग पिवळा नव्हता,
निवलेल्या दुधावरच्या सायीसारखा होता.
त्या उजेडात सुई ओवता यायची,
घाई करता यायची नाही.

मोजमापही मास्तरांचंच.
एक माणूस, एक संध्याकाळ, दारातला ओटा:
एवढ्याला ते 'एक ओटा' म्हणत.
पोस्टमनची वाट, अर्धा.
मॅट्रिकचा निकाल, तीन.
भाकरी फुगायची वाट, सुई नुसती थरथरायची.
रॉकेलच्या रांगेत आम्ही कर्णा मुद्दाम नेला होता,
पण शिव्याच जास्त आल्या,
त्या फडक्यातून गाळाव्या लागल्या.

रोजचा हिशोब मी वहीत लिहायचो.
चाळीस घरं, एकशे बारा ओटे.
त्यातले नव्वद एकाच दारातून.

अंबूताई दिघे.
नवरा मोंबासाला गेला त्याला एकोणीस वर्षं.
ती गहू निवडत बसायची,
डोकं वर करायचीसुद्धा नाही,
आणि इकडे सुई काचेला टेकायची.
मास्तरांनी मला ते पान फाडायला लावलं.
"तिला कळता कामा नये. खांच्यालाही नाही."
पान मी खिशात ठेवलं.
तेलवाल्या पोराचे खिसे कोण बघतो.

परीक्षांच्या आदल्या रात्री
सगळे खांब एकदम गेले.
आम्ही बरणी हलवली, दात पुसला,
मास्तरांनी तार जिभेला लावून पाहिली.
मग मी बाहेर धावलो.

अंबूताई दाराला कुलूप लावत होती.
पायाशी पत्र्याची पेटी, अंगावर अंजिरी पातळ,
घडी मोडायचंच राहिलेलं.
"आला का तो? पत्र आलं?"
"नाही रे. माझं संपलं," म्हणाली,
डब्यातलं मीठ संपावं तसं.

कंदील घेऊन सगळा खांचा जमला.
"पोरांचे पेपर आहेत, अंबूताई.
शनिवारपर्यंत तरी वाट बघा."
म्हणजे ते पान सगळ्यांच्याच खिशात होतं.

ती हसली नाही, रागावलीही नाही.
"मला पहिल्याच वर्षी कळलं होतं.
माझ्या दारच्या खांबाशी पाखरं जास्त मरायची.
सकाळी मीच झाडायची ती."
टांगेवाल्याने विचारलं, कुठली गाडी?
"फलाटावर जी उभी असेल ती."

पोरांनी कंदिलाच्या काजळीत अभ्यास केला.
दोघं नापास झाले. ते तसेही झाले असते.

दुसऱ्या संध्याकाळी सुई हलली.
पाव ओटा, जेमतेम.
आम्ही दारोदार विचारत गेलो:
कुणीच कुणाची वाट बघत नव्हतं.
परत आलो. मास्तर बराच वेळ बरणीपाशी उभे राहिले,
मग त्यांनी कर्णा हळूच फिरवला,
स्वतःपासून लांब, भिंतीकडे.

सुई पडली.
मी तेल घातलं.