जंगम

मी बेलिफ. न्यायाधीश नाही, वकील नाही.
हुकूम चालतो तेव्हा तोंड कोर्टाचं असतं,
पाय माझे.

चैतातलं ऊन. अडाणच्या पात्रात नुसते गोटे.
सुनेची स्कूटी मागून आणली,
डिकीत वॉरंट, लाख, सुतळी,
पंचांसाठी पाण्याची बाटली.

दरखास्त पंचफुला मनवरची.
उपकेंद्रात अंशकालीन परिचर, एकोणीस वर्षं.
बाळंतिणींचे कपडे धुतले, वारी पुरल्या,
नर्सबाई पोचेपर्यंत रात्री कंदील धरला.
कागदावर मात्र दिवसाचे चार तास.
उरलेल्या तासांचे पैसे द्या, म्हणालं कोर्ट,
तीन महिन्यांत.
तीन महिन्यांत मूग पेरून घरात येतो.
पैसे आले नाहीत.

गावंडे वकील तिला समजावत होते
कोर्टामागच्या कडुनिंबाखाली, चहावर साय धरेपर्यंत:
"अवमानाचा अर्ज नागपूरले, वर्षाच्या आत टाकावा लागते.
त्यात साहेब उभा राह्यते, माफी मागते,
माफीनामा टाइप करूनच आणते, अन् घरी जाते.
दरखास्तीत साहेबाले काई होत नाई,
पण सामान उचलता येते.
तुमाले काय पायजे? माफी का पैसे?"
ती म्हणाली,
"माफीचा भाव काय हाये बजारात?"

पंचायत समितीत पोचलो तर साहेब मीटिंगला.
वॉरंट दाराशी आलं की मीटिंग लांबते,
बत्तीस वर्षांचा अनुभव.
बाबू म्हणाला, फाइल वर आहे.
मी वर पाहिलं. पंखा होता.
तरतूद नाही. लेखाशीर्ष सापडत नाही.
आम्ही अपिलात जाणार आहोत.
जाणार, की गेलात? स्थगिती दाखवा.
बाबू चष्मा पुसत बसला.
स्थगिती नाही म्हणजे हुकूम जिता आहे,
एवढा कायदा मलाही येतो.

यादी केली.
कूलर एक, खस वाळलेली.
संगणक एक, वर शेंदराचा टिळा.
लोखंडी कपाट बंद, चावीही मीटिंगला.
खुर्ची एक, फिरती, पाठीवर टॉवेल.
टॉवेल यादीत घ्यायचा का?
पंच म्हणाला, साहेबाचा घाम हाये त्यात,
राहू द्या.

हमाल नव्हता. शिपाई अंगद खिराडेनं
न सांगता एक बाजू उचलली.
त्याचाही चौथा महिना बिनपगारी.

खुर्ची कोर्टाच्या ओसरीत ठेवली, चाकाला सुतळी, सुतळीवर लाख.
पंचफुला आली. गावंडे म्हणाले, बसून तं पाहा.
"नाई बाप्पा. मोडली तं मलेच भरा लागन."
मग पदर घेऊन तिची धूळ पुसायला लागली.
हात मध्येच थांबला. बराच वेळ तसाच राहिला.

दुसऱ्या दिवशी समितीत नवी खुर्ची.
तरतूद सापडली होती.
बिल मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं:
तातडीची बाब.

कायद्यात मालमत्ता दोन जातींची,
हलते ती जंगम, हलत नाही ती स्थावर.
साहेबाची सही कोणत्या रकान्यात घ्यायची
ते नमुन्यात छापलेलं नाही.

या खेपेला जीप.
नंबर उतरवलाय, चारही टायर चांगले.
ड्रायव्हर कानाशी येऊन म्हणाला,
शनिवारी साळ्याच्या लग्नाले निघते ही, तुमी शुक्रवारी या.
गावंडेंनी नागपूरचा अर्जही लिहायला घेतलाय.
वर्ष भरायला बावीस दिवस उरलेत.

पंचफुला रोज येते.
अकराची वेळ असो नसो, तारीख असो नसो,
खुर्ची जागेवर आहे ना, ते पाहते.
"बेलिफसाहेब, हिले ऊन लागून राह्यलं ना,"
म्हणते, आणि लाख तुटणार नाही अशी
हळूच सावलीत सरकवते.