वहिवाट

मिरजेच्या तहसील कचेरीत
बापूंनी शपथेवर सांगितलं :
गट नंबर दोनशे चौदाच्या पूर्व बांधावरून
आमची बैलगाडी जायची, आज्ज्यापासून.

आमच्याकडं बैलगाडी कधीच नव्हती.

आदगोंडा मगदुमांनीही शपथ घेतली :
तिथं रस्ता नव्हताच कधी.
आणि त्यांचंच कुत्रं रोज आईमागं
त्या नसलेल्या रस्त्यानं
पाणंदीपर्यंत यायचं.

तारखा पडत गेल्या.
कारकून मला आधी बारावीचं विचारायचा,
मग नोकरीचं,
मग लग्नाचं.

स्थळपाहणीला सर्कल आले भर दुपारी,
बूट चिखलात, टेप उसात अडकलेली.
आईला विचारलं, वाट केवढी होती?
तिनं डोक्यावर नसलेला भारा सावरला,
कोपरं जराशी बाहेर काढली, म्हणाली,
"एवढी. पानं हितं कापायची."
बापू खाकरले.
पंचनाम्यात ते आलं नाही.

हुकूम झाला : आठ फूट.
मगदुमांच्या दोन सरी गेल्या.
पहिल्या हंगामाला आमची ट्रॉली निघाली,
कुठं रुतली नाही.
त्यांची सून कडेला उभी,
काखेत पोर, बघत.
मी हॉर्नकडं नेलेला हात
तसाच मागं घेतला.

आई अजून चाकोरीत पाय घालत नाही.
आठ फुटांच्या मधोमध, गवतातून जाते,
कोपरं अंगाशी धरून,
दोन्हीकडं ऊस असल्यागत.