उजवीकडून तिसरा

दहीपुलाजवळ, पहिल्या मजल्यावर,
खालच्या चिवड्याच्या कढईचा वास जिथं हायपोत मिसळायचा,
तिथं पाटी होती : काळोखे फोटो स्टुडिओ.
लोक हसायचे.
ते म्हणायचे, नाव भालचंद्र, आडनाव काळोखे,
धंद्याला एवढा कॉन्ट्रास्ट पुरे.

मी तिथं रिटचिंगला होते. सातपूरहून सायकलनं यायचे,
निगेटिव्हवर देवीचे वण पेन्सिलीनं बुजवायचे,
स्थळाला पाठवायच्या पोरी दोन छटा उजळ करायचे.
पाप तेवढंच.

त्याआधी एकवीस वर्षं ते सिनेमात होते.
हवालदार, पोस्टमन, नायिकेच्या बापाचा मुनीम,
एकदा प्रेत.
प्रेताचं काम दिग्दर्शकाला आवडलं होतं,
हे ते स्वतःच सांगायचे, बशीत चहा ओतता ओतता.
सगळ्यात मोठा संवाद : ‘साहेब, गाडी आली.’
आणि कॅमेऱ्यामागून दर वेळी एकच हाक :
काळोखे, एक पाऊल मागं. सावली पडतेय तुमची.

तेव्हा त्यांनी सावली शिकून घेतली.
कुठला दिवा कुणाच्या नाकाखाली काय करतो,
कपाळावर घाम कुठून चमकतो.
नायकाला हे कधी शिकावं लागलं नाही.

शेवटच्या शूटिंगला तीन दिवस
मिशा चिकटवून बसवून ठेवलं, चौथ्या दिवशी म्हणाले, सीनच उडाला.
स्टिलवाल्याकडं रमीचे पैसे अडकले होते,
त्या बदल्यात त्याचा जुना यशिका उचलला
आणि नाशिकरोडला उतरले. मिशीचा डिंक अजून ओठावर.

लग्नाचे अल्बम त्यांना कधी जमले नाहीत.
नवरदेवापेक्षा झांजवाला ठळक यायचा,
पंगतीत मठ्ठा वाढणारा पोरगा मधोमध,
आणि विहीणबाई कडेला, अर्ध्या.
पंचवटीतल्या एका पार्टीनं पन्नास रुपये कापून दिले.
‘बरोबर आहे त्यांचं,’ म्हणाले, आणि पुढच्या लग्नात तेच.

खरं गिऱ्हाईक यायचं घाबरंघुबरं, डोळे सुजलेले :
यांचा एकट्याचा फोटोच नाही हो घरात.
दहाव्याला गंगेवर न्यायचाय.
पदराआडून निघायचा ग्रुप फोटो,
प्रेसच्या युनियनचा, नाहीतर कुठल्या भजनी मंडळाचा,
घडी पडून मधोमध उललेला.
‘कितवे?’
‘मागच्या रांगेत. उजवीकडून तिसरे.’

मग लाल दिवा. मी ट्रे हलवत असायचे.
शेजाऱ्याचा खांदा पुसायचा, पुढच्याची टोपी पुसायची,
पाण्याखालून चेहरा हळूहळू वर यायचा
आणि ते त्याला, मला ऐकू जाऊ नये अशा आवाजात :
या. या पुढं.

गेले ते झोपेत, एका मंगळवारी.
पुतण्यानं विचारलं, काकांचा फोटो?
चाळीस हजार निगेटिव्ह, डब्यांवर साल, आडनाव, गाव,
त्यांची एकही नाही.
शेवटी पत्र्याच्या पेटीत एक स्टिल सापडलं.
नायक, नायिका, मशालवाले, मागं फेटेवाले.
उजवीकडून मोजलं. मला हसू आलं, मग आलं नाही.

पुतण्या म्हणाला, मोबाईलवर होतं हे दोन मिनिटांत.
मी म्हटलं, राहू दे.
डावा कान नायकाच्या खांद्यामागं गेला होता.
त्याच कानावर ते पेन्सिल खोवायचे, एकोणीस वर्षं,
तो मला बघावा लागला नाही.
नजर मात्र मी जशीच्या तशी ठेवली.
सगळे नायकाकडं बघतायत.
ते वर, चौकटीबाहेर, जिथं दिवा टांगला असणार तिथं.

दहाव्याला घाटावर वाऱ्यानं फोटो दोनदा पडला.
उभा करताना एक अनोळखी बाई वाकून म्हणाली,
यांना कुठंतरी पाहिलंय.